मासोळीचा वास कोणाच्या कॅम्परला?

झाकण

लग्नाच्या मांडवात, ऑफिसात, दुकानाच्या दाराशी तो निळा, जाडजूड, थंड पाण्याचा कॅम्पर आपण सगळ्यांनीच पाहिला आहे. तोटी दाबली, गिलास भरला, प्यायलो. कधी पहिल्याच घोटाला कुबट वास येतो. आपण तोंड वाकडं करतो आणि कोणाला तरी नावं ठेवतो.

कोणाला? गोष्ट तिथूनच सुरू होते.

लाखनीचा घनश्याम बारा वर्षांपासून कॅम्पर पुरवत होता. दोन वर्षांपूर्वी दामिनी आली. गोसीखुर्दच्या धरणात गाव गेलेली, पुनर्वसनातली; माहेरी-सासरी दोन्हीकडे मासेमारी. तीही कॅम्पर पुरवू लागली. दोघं एकाच प्लांटवर, एकाच नळाखाली पाणी भरत. तरी लोक म्हणत, "दामिनीचं पाणी गोड लागते जी."

एकच पाणी! मग तिचंच गोड कसं?

हायवेवर तिची तीनचाकी दिसली की घनश्याम चहा टाकून उभा राहायचा. आज किती कॅम्पर? चौदा. काल बारा होते. चहा थंड व्हायचा आणि घनश्याम गरम.

पोट

दुखायचं तिथंच.

"तिच्या हाताले काही गुण असन," जेवताना त्याची बायको रुखमिणी सहज बोलून गेली.

"गुण? मासोळ्या कापलेले हात ते! त्याच हातानं कॅम्पर धुते. वास येणारच!"

ठरवून बोलला नव्हता. पण वाक्य त्याला आवडलं. मग ते पानठेल्यावर गेलं. मग सलूनमध्ये. मग भय्याजींच्या मंगल कार्यालयात. "मी काही म्हणत नाही जी. पण मासोळीचा वास येते म्हणतात."

वास नव्हताच. नुसतं वाक्य होतं. चार ठिकाणी फिरलं आणि त्याचा वास झाला. दामिनीची तीन गिऱ्हाईकं तुटली. घनश्यामला त्या दिवशी दोन घास जास्त गेले.

भय्याजींनी मात्र तोडगा काढला. "येत्या लग्नात दोघांचेही कॅम्पर ठेवतो. ज्याची तक्रार आली, त्याचा लग्नाचा सीझन गेला."

तोटी

पंगत बसली. एका पाहुण्याने गिलास खाली ठेवला. "पाण्याले वास येऊन राहिला हो!"

घनश्याम धावतच आला. त्याच्या चेहऱ्यावर आनंद मावत नव्हता.

"मी सांगत होतो की नाही! मासोळी! घ्या आता, भय्याजी!"

दामिनी हातात जग घेऊन उभी होती. "कोणता कॅम्पर, ते तरी पाहा भाऊ."

"पाहाचं काय त्यात? वासच सांगते!"

मांडवाच्या कडेला भांडी घासणाऱ्या सीताबाई उठल्या. पदराला हात पुसत आल्या. "उलटा करा न तो. बुडाले नाव असन."

घनश्यामने तोऱ्यात पाणी ओतून देऊन कॅम्पर उलटा केला. बुडाला ऑइलपेंटने लिहिलेलं होतं: घनश्याम. अक्षरही त्याचंच!

पंगतीतले लोक वाकून वाचू लागले.

"मी... मी तर रोज धुतो."

"पोट धुता," सीताबाई म्हणाल्या. "तोटी कधी उघडली?"

त्याने तोटी फिरवली. फिरेना. दामिनीने फडक्याने पकडून हिसका दिला, तशी निघाली. आत हिरवंकाळं बुळबुळीत. झाकणाच्या रबराखालीही तेच.

"वासासंगच वाढलो आम्ही, भाऊ," दामिनी हळू बोलली. "तो कुठं लपून बसते, आम्हाले कळते. म्हणून आठ दिवसांत एकदा तोटी उघडतोच."

सीताबाईंनी कंबरेवर हात ठेवले. "कॅम्परचा वास सोड्यानं जाईल, घनश्यामभाऊ. या पोरीले लावलेला वास कायनं काढान? तिचं गाव बुडालं. आता तिचं नावही बुडवाचं हाय काय?"

कार्यालयाचं मागचं दार उघडं होतं. घनश्यामने एकदा तिकडे पाहिलंही. मग वळला.

"वास माझ्याच कॅम्परले हाय. तिच्याले नव्हता. कधीच नव्हता! मीच उठवलं होतं ते. जळत होतो मी."

मग हेच वाक्य पानठेल्यावर. मग सलूनमध्ये. तिथं एकजण हसला. घनश्याम ऐकत उभा राहिला.

सीझन दामिनीला मिळाला. त्याच्या पोटात पुन्हा दुखलं, खोटं कशाला सांगा! तरीही सोमवारी तो नऊ कॅम्पर घेऊन तिच्या दारात गेला.

"खायचा सोडा कोमट पाण्यात," दामिनी सांगू लागली. "भरून तासभर ठेवा. मग तोटीतून वाहू द्या. तोटी आणि रबर काढून ब्रशनं घासा, चांगल्या पाण्यानं खंगाळा. उन्हात उघडा सुकवा. ओल्यावर झाकण लावाल, तर वास परत येईल."

"इतकं? सगळ्यांले?"

"मग काय, हळदीकुंकू लावता?"

वाचकहो, पाण्याला वास आला तर आधी तोटी उघडा. माणसाचं गाव, जात, धंदा उघडू नका. आणि उघडलं असेल, तर जिथं बोललात तिथंच जा, आणि तितक्याच मोठ्यानं ते परत घ्या.