आभाळातलं चालतं

शनिशिंगणापुरातल्या पूजाच्या घराला दार नाही, पडदा आहे. त्यामुळे मोबाईलवर माणसं मारायची, तर ती घरच्यांच्या देखतच मारावी लागतात.

असल्या खेळांनी मुलं क्रूर होतात, असं कॉलेजात आलेल्या एका वक्त्यांनी पालकांना सांगितलं. त्या संध्याकाळपासून पूजाच्या आईने आजींना, म्हणजे भीमाबाईंना, पाळतीवर बसवलं. लसूण सोलत त्या नातीच्या खांद्यावरून बघू लागल्या. पूजाने तिघांना लोळवलं, तरी लसूण थांबला नाही. लढाई म्हटल्यावर माणसं मरायचीच, असं त्यांचं मत पडलं. मग पूजा गोळ्या शोधायला एका रिकाम्या घरात शिरली.

“कुनाचं गं हे घर?”

“कुनाचं न्हाई, आजी. गेममधलं हाय.”

“अन् गोळ्या?”

“ज्याला घावतील त्याच्या.”

आजींनी हातातली पाकळी परातीत ठेवली. “ह्या गावात ऱ्हाऊन असं बोलतीस? ठिव जागच्या जागी.”

पुन्हा कुणाच्या घरातून काही उचललं, तर मोबाईल आजींच्या ओच्यात जाणार, असं ठरलं. मेलेल्याच्या अंगावरचं घेण्याचा तर विषयच पूजाने काढला नाही.

पंचाईत अशी, की शनिवारी फायनल होती. टीमचा कॅप्टन राहात्याचा नोहा. त्याने सगळं शांतपणे ऐकून घेतलं.

“चोरी करू नको, हे आमच्या दहा आज्ञांतबी हाय,” तो म्हणाला. “खून करू नको, हे तर त्याच्या आधी हाय. आमी खेळायचं सोडलं का?”

शनिवारी पूजा रिकाम्या हाती दिसली, तर पुढच्या मॅचपासून तिच्या जागी राखीव असलेल्या नॅन्सीला घेणार, हेही त्याने सांगून टाकलं.

पूजाने दोन दिवस आजींची मनधरणी केली. काही उपयोग झाला नाही. शेवटी तिने विमानातून पॅराशूटला लटकत खाली येणारी पेटी दाखवली. आजींनी बराच विचार केला.

“आभाळातनं पडलं ते देवानं दिलं. ते घ्यायला हरकत न्हाई.”

खेळातली सगळ्यात जबर बंदूक त्याच पेटीत असते, हे आजींना सांगायचं पूजाला काही कारण दिसलं नाही.

शनिवारी आजी देवाला तेल वाहून आल्या आणि लसूण सोलत शेजारी बसल्या. फोनचा स्पीकर त्यांनी चालू ठेवायला लावला होता. बाकीचे घरं धुंडाळत एकमेकांना मारत होते, पूजा गवतात पालथी पडून आभाळाकडे बघत होती. नोहा तिच्या नावाने ओरडत होता. ओरडता ओरडताच तो कुणाच्या तरी स्वयंपाकघरात कपाट उघडताना मेला. टीममध्ये पूजा एकटी उरली आणि पेटी अगदी तिच्या पुढ्यात उतरली. शेवटचे दोघे एका घरातून हात भरून बाहेर पडत होते. तिने दोघांनाही दारातच टिपलं.

स्पीकरवरून नोहाने तिची जागा पक्की असल्याचं सांगितलं.

“आपन न्हाई जिंकलो,” आजी म्हणाल्या. “ते शनिवारी चोरी करायला गेले, म्हनून मेले.”

नोहाने ते ऐकलं. जरा घुटमळत त्याने विचारलं, “आजी, मग रविवारी घेतलं तर चालंल का?”

आजींनी पुढची पाकळी उचलली.

“रविवारी तुजा देव बघतो, बाळा.”