मूकपटाला हुंकार

श्रावणातल्या शुक्रवारी कहाणी सांगितल्याशिवाय सुप्रभा अन्नाला शिवत नसे. आणि कहाणी म्हटली की ऐकणारं माणूस हवं, हातात अक्षता धरून ‘हं’ म्हणणारं. चाळीस वर्षं ते काम तिच्या नवऱ्याने, डॉक्टरांनी केलं, हॉस्पिटलची ड्यूटी सांभाळून. चैत्रात ते गेले. ग्लासगोतल्या फ्लॅटमध्ये आता भिंती तेवढ्या उरल्या.

लंडनच्या लेकीला, देविकाला, तिने सकाळीच फोन केला.

“मम्मा, रेकॉर्ड करून पाठव ना. ट्रेनमध्ये तुझी कहाणी ऐकते, प्रॉमिस.”

“फोन कुठे हुंकार देतो गं,” सुप्रभा म्हणाली, आणि अक्षतांची पुडी पर्समध्ये टाकून लायब्ररीत गेली. तिथे दुपारी शंभर वर्षांपूर्वीच्या एडिंबराचा मूकपट होता. चार माणसं येतील, त्यातलं एखादं तरी थांबेल.

अंधार झाला. पडद्यावर दुधाची घोडागाडी आली, पाठीवर टोपल्या घेतलेल्या कोळणी आल्या. शेजारच्या खुर्चीतली म्हातारी कुजबुजली, “मी मोराग. डोळे अधू झालेत माझे. काय चाललंय, सांगतेस?”

“एक बाई दाराची पायरी घासतेय,” सुप्रभा हळूच सांगू लागली. “आता तिने आपल्याकडे बघितलं. हसली नाही.”

“पायरी घासताना कोण हसतंय.”

“या खिडकीपासून त्या खिडकीपर्यंत धुणं वाळत घातलंय. खालून एक माणूस एकटाच चाललाय.”

“हं,” मोराग म्हणाली. मग दर वाक्याला, “हं.”

त्या ‘हं’पायी सुप्रभाला पडद्यावरची पुढची पाटी वाचताच येईना.

दिवे लागले तसा तिने धीर केला. “माझ्याकडेही एक गोष्ट आहे. कोणी ऐकल्याशिवाय मला जेवता येत नाही.”

“म्हणजे सकाळपासून उपाशी? अगं, मग सांग की.”

सुप्रभाने तिच्या तळहातावर चार दाणे ठेवले.

“खायचे का?”

“नाही हो, नुसते धरायचे.”

श्रीमंत भावाने गरीब बहिणीला पंगतीतून उठवलं, तिथवर कहाणी इंग्रजीत अडखळत पोचली. “कसला मेला भाऊ,” मोराग पुटपुटली. पण बहिणीचे दिवस पालटायच्या आधीच मोरागची मान कलली. दाणे जमिनीवर सांडले.

सुप्रभा थांबली. झोपलेल्या माणसाला सांगितलेली कहाणी देवीला पोचत नाही.

लायब्ररीतली बाई खुर्च्या रचत जवळ आली. “तुमच्या मैत्रिणीला उठवू का?”

“नको. झोपू दे थोडी.”

मैत्रीण हा शब्द तिने दुरुस्त केला नाही. भूक लागली होती, घरी वाट बघणारं कोणी नव्हतं. कहाणीतल्या बहिणीला तशीच भावाच्या दारात ताटकळत ठेवून ती मोरागशेजारी बसून राहिली.