टीव्हीतलं शेत

“कपाट निघालं, फ्रिज निघाला, मिक्सर निघाला. आता काय राह्यलं मॅडम? भिंतीचा रंग खरवडून न्यायचाय का?”

अभय दाराच्या चौकटीत हात आडवा धरून उभा होता. सुलेखा पायरीवर थांबली. या माणसाच्या हाताखालून वाकून जायचे नाही, एवढे तिने सकाळीच ठरवले होते.

“हात काढ,” ती म्हणाली.

“अभय, काढ बाबा हात,” मागून पुंजाराममामा म्हणाले. “विहारात चार माणसांसमोर ठरलंय. बाईचं सामान बाईला. उगा तमाशा नको.”

मामा दोन्हीकडून नात्यातले, म्हणून बैठकीने सामान उचलताना हजर राहायला त्यांनाच पाठवले होते. नवराबायकोची फारकत ठरवायला बसलेल्या त्या बैठकीत सुलेखाने सगळ्यात शेवटी टीव्हीखालच्या गेमच्या डब्याचा विषय काढला, तेव्हा मंडळी हसली होती. एक जण म्हणाला, “संसार मोडला आन्‌ पोरगी गेम मागती, लई भारी!” अभयने तिथल्या तिथे सांगून टाकले की डबा टीव्हीला जोडलेला आहे, टीव्ही त्याचा आहे, म्हणजे डबाही त्याचाच. वास्तविक डबा सुलेखाने लॅबच्या पहिल्या बोनसमधून घेतला होता. पण ती भांडली नाही. “डबा ठेव,” ती म्हणाली, “त्याच्यातलं माझं तेवढं काढून घेऊ दे.” मंडळी पुन्हा हसली आणि हो म्हणाली. तिने नुसती हवा मागितली असे त्यांना वाटले असावे.

अभयने हात काढला.

मुकुंदवाडीच्या त्या गल्लीत आज पाण्याचा दिवस होता. आठवड्यानंतर नळ आले होते आणि दारोदार मोटारी घुरघुरत होत्या. हॉलमध्ये कपाट होते तिथे भिंतीवर फिकट चौकोन उमटला होता. त्या चौकोनाला पाठ लावून कडूबाई, अभयची आई, पाय लांब करून बसली होती. तिने सुलेखाकडे पाहिले आणि पदर नीट केला.

सुलेखाने पर्समधून पुस्तकाएवढे यंत्र काढले. दोन्ही बाजूंना बटणे, मध्ये काच. एका पेशंटच्या मुलाकडून तिने ते जुने विकत घेतले होते. डबा आणि हे यंत्र एकाच कंपनीचे. केबल जोडली की डब्यातले तिचे खाते, तिचे गेम आणि त्यातले सगळे जसेच्या तसे यंत्रात येणार होते. ती टीव्हीसमोर मांडी घालून बसली, डबा सुरू केला, आणि पडद्यावर आलेल्या आपल्या नावाखालची ओळ वाचून तिचे कान तापले. ते खाते काल कुणीतरी उघडले होते.

“माझ्या खात्यात कोण घुसलं?”

“म्हंजे?”

“म्हंजे माझं शेत कोण खेळलं? मी घरात नसताना?”

अभय मोठ्याने हसला. “मी कशाला ढेकळं फोडत बसू? माझं क्रिकेट बरंय. ही बघ, ही खेळती. म्हातारी रिमोट सोडत नाय. मॅच लावायची म्हणलं तर आई उठायची वाट बघावी लागती मला.”

सुलेखाने मान वळवली. कडूबाई आपल्या पायाच्या अंगठ्याकडे पाहत होती.

“म्याच खेळते,” ती म्हणाली. “तू गेल्यावर कोंबड्या उपाशी मरतील म्हनून एक दिस लावलं. मंग रोज लावलं.”

“तुम्हाला कुणी शिकवलं?”

“कोन शिकवील? तू दुपारचं खेळायचीस, म्या इथंच भाजी निवडत बसायचे. पान्याचं चित्र दाबलं की पानी पडतंय. इळ्याचं दाबलं की कापणी. वाचाया कुठं लागतंय त्याला?”

खरे होते. सुलेखा पहाटे स्कूटीवरून निघायची, घरोघर जाऊन लोकांचे रक्त काढून लॅबला पोचवायची, दुपारी येऊन स्वयंपाक उरकायची आणि मग एक तास इथे बसायची. सुरुवातीला गेमने तिला नुसते दगडगोटे आणि काटेरी झुडपे भरलेले रान दिले होते. तिने ते साफ केले. विहीर खणली, वाफे पाडले, झाडे लावली. तिचे वडील जाधववाडीच्या मोंढ्यात पोती उचलत आले होते. त्यांच्या घरात कधी कुणाच्या नावावर बोटभर जमीन नव्हती. टीव्हीतल्या त्या रानाच्या फाटकावर मात्र तिचे नाव होते, आणि सहा वर्षांत या घरातली ती एकच जागा होती जिथे तिला कुणी हाक मारून उठवत नसे.

तिथेही कुणीतरी जाऊन बसले होते. आणि कोण, तर ही बाई.

अभयने सगळे उद्ध्वस्त केले असते तर सोपे गेले असते, असे तिला वाटले. त्याच्या नावाने शिव्या द्यायची सवय होती. या बाईचा राग करायला वेगळी ताकद लागत होती, कारण या बाईने कधी काही केलेच नव्हते.

“आमच्या पिशोरला,” कडूबाई कुणाला न विचारता सांगू लागली, “म्या कापूस येचला, अद्रक काढली, मका सोंगला. समदं दुसऱ्याच्या रानात. हितं मुकादम नाय की मालक नाय. आपणच पेरायचं आन्‌ आपणच काढायचं. म्या नीट ठिवलंय बघ. येक वाफा वाळू दिला नाय.”

“बघायचं नाहीये मला,” सुलेखा म्हणाली.

तिने शेत उघडले नाही. सरळ केबल लावली. पडद्यावर इंग्रजीत मजकूर आला. तो तिने पूर्ण वाचला. खाते दुसऱ्या यंत्रात गेल्यावर या यंत्रावरून ते कायमचे काढले जाईल, त्यातले काहीही इथे उरणार नाही, पुढे जायचे का? अभय दारात फोनवर बोलत होता. मामा खुर्चीत बसून विड्या शोधत होते. कडूबाई पडद्याकडे पाहत होती, पण तिला ती अक्षरे म्हणजे मुंग्यांची रांग.

सुलेखाने ‘हो’ दाबले.

एक निळी पट्टी मुंगीच्या पावलांनी सरकू लागली. खाली आणखी एक ओळ होती: काम पूर्ण होईपर्यंत यंत्र बंद करू नका.

कडूबाईने उठून चहा केला. मामांनी घेतला. सुलेखाचा कप फरशीवर थंड झाला. बाहेर टेम्पोवाल्याने दोनदा हॉर्न दिला. गल्लीतल्या बायका नळीचे तोंड ड्रममध्ये सोडून दारातून डोकावून जात होत्या. अभयने फोन खिशात टाकला आणि आत येऊन पट्टीकडे पाहिले. अर्ध्याच्या थोडी पुढे गेली होती.

“हे कधी संपायचं? अख्खी गल्ली दारात येऊन बघून चाललीय.”

“संपेल.”

“संपेल म्हंजे? माझ्या घरात, माझ्या लाइटीवर, माझ्या टीव्हीसमोर बसून तू मलाच संपेल म्हनती व्हय?” तो भिंतीवरच्या बोर्डाकडे वळला. “हे बघ, कसं संपतं ते दाखवतो. एका बटणात.”

“अभय!” मामा अर्धे उठले. “आरं, ठरलंय ना...”

सुलेखा उठू शकली नाही. मांडीवर यंत्र होते, केबल आखूड होती, ओढली गेली असती तरी तेच झाले असते. वीज मध्येच तुटली तर शेत डब्यातही राहणार नाही आणि यंत्रातही येणार नाही, हे तिला माहीत होते. तिने फक्त त्याच्या हाताकडे पाहिले. तो हात तिला पाठ होता.

तेवढ्यात कडूबाई मध्ये आली. कशी उठली, कधी उठली, कळले नाही. ती बोर्डाला पाठ लावून उभी राहिली. डोक्यावरचा पदर घसरला होता, तो तिने सावरला नाही.

“हात लावू नगंस.”

“सरक आई.”

“नाय सरकत. लाव हात, बघते.”

“येडी झाली का तू?”

“व्हय, झाले. माझा कांदा काढायला आलाय त्याच्यात. बंद केलं तर समदं जाईल. पोरगी काढून घेती तर घेऊ दे. हितंबी राहील, तिच्यापाशीबी राहील. तू जा, मोटार बघ, ड्रम वाहून चाललाय.”

अभय आईकडे पाहत राहिला. या बाईने त्याला आजपर्यंत ‘जेव’ आणि ‘कधी येतोस’ यापलीकडे काही सांगितले नव्हते. त्याने दाराला लाथ घातली आणि तो बाहेर गेला.

कडूबाई बोर्डापाशीच उभी राहिली, पट्टी संपेपर्यंत.

सुलेखाच्या छातीत जे चढून आले त्याला कृतज्ञता म्हणता आले नसते. या बाईला उभे राहता येते. म्हणजे येतच होते. गेल्या वर्षी स्वयंपाकघरात अभयने सुलेखाचे डोके ओट्यावर आपटले, तेव्हा कडूबाई याच हॉलमध्ये याच टीव्हीसमोर बसलेली होती. बोर्डापासून स्वयंपाकघराचे दार चार पावलांवर होते. त्या रात्री ती उठली नव्हती. त्या रात्री फक्त मालिकेचा आवाज वाढला होता.

पट्टी भरली. सुलेखाने केबल काढून गुंडाळली.

“झालं?” कडूबाईने विचारले. ती आपल्या जागेवर येऊन बसली आणि कंट्रोलर मांडीवर घेतला. “आता माझं लाव बरं. कांदा काढून घेते.”

पडद्यावर अभयचे खाते होते. क्रिकेट होते, गाड्यांची शर्यत होती. कडूबाईने डावीकडे जाऊन पाहिले, उजवीकडे जाऊन पाहिले.

“शेत कुठंय?”

“गेलं. माझ्यासोबत.”

“आन्‌ हितलं?”

“एकच असतं ते. इथं राहत नाही.”

कडूबाईचा अंगठा बटणावर तसाच राहिला. “तुला ठाव होतं?”

“होतं. आधीच लिहून आलं होतं.”

“मला सांगायचं की.”

“सांगितलं असतं तर उभ्या राहिल्या असत्या बोर्डापुढं?”

मामांनी घसा खाकरला आणि ते चपला शोधायला लागले. सुलेखाने जायला हवे होते. सगळे मिळाले होते. पण वर्षभर मनात धरलेले तसेच घेऊन जाणे तिला जमले नाही.

“त्या रात्री टीव्हीचा आवाज कुणी वाढवला होता, आत्या?”

मामा चपला शोधायचे थांबले.

“म्या,” कडूबाई म्हणाली.

“कशाला?”

“शेजारी ऐकू जाऊ नये म्हनून. अब्रू जाती.”

“कुणाची?”

कडूबाईने डोळे पुसले नाहीत, कारण ती रडत नव्हती. तीही रागावलेली होती. “म्या उठले असते तर त्यानं मला मारलं असतं. ह्याच्या बापानं मारलं तवा माझी सासू उठली नव्हती. आमच्यात कुनी उठत नाय.”

“आज उठलात ना?”

“आज माझं काहीतरी होतं त्याच्यात.”

सुलेखाने पर्सची चेन ओढली. “होतं,” ती म्हणाली आणि बाहेर पडली. मामा मागून “सुलेखा, अगं ऐक, म्हातारं माणूस आहे” असे काहीतरी म्हणत आले. तिने मागे वळून म्हटले, “मामा, जय भीम,” आणि ती टेम्पोत पुढे बसली.

टेम्पोवाल्या फारूखभाईने गाडी जालना रोडला काढली. “ताई, दो घंटे अंदर क्या कर रै थे? मैं समझा, झगडा हो गया.”

“शेत उचलत होते.”

“खेत? किधर है?”

तिने पर्सवर थाप मारली. फारूखभाई तिच्याकडे पाहून हसला, मग तिचा चेहरा पाहून चिकलठाण्यापर्यंत त्याने फक्त गाडी चालवली.

नव्या खोलीत कपाट तिरके लागले, फ्रिजला जागा पुरली नाही, तो दारामागे ठेवावा लागला. फारूखभाई गेल्यावर सुलेखा फरशीवर बसली आणि तिने यंत्र सुरू केले.

शेत आले. वाफे दोरी लावून पाडल्यासारखे सरळ होते, पिशोरच्या अद्रकीच्या वाफ्यांसारखे. कांदा खरोखरच काढायला आला होता. विहिरीजवळच्या पेट्या मालाने भरलेल्या होत्या. एवढ्या महिन्यांत म्हातारीने एक दाणा विकला नव्हता. बाजाराचा रस्ता तिला सापडला नसेल, किंवा नको असेल. आणि सगळ्या रानाभोवती, विहिरीला, झाडांना, घराला वळसा घालून लाकडी कुंपण होते. सुलेखाने कधी कुंपण घातले नव्हते. तिचे नाव लिहिलेले फाटक काढून तिथेही खांब ठोकला होता. कुणी आत येऊ नये आणि आतले कुणी बाहेर जाऊ नये, असे ते काम होते.

इथे बरोबर कुंपण घातलेस, सुलेखाला वाटले. इथे कुणी मारणारे नव्हते, इथे घातलेस.

तिने कुऱ्हाडीचे चित्र निवडले. घराकडच्या बाजूचा पहिला खांब गाठला आणि बटण दाबले. पुन्हा दाबले. खांब पडला. अख्खे कुंपण उपटून त्याची लाकडे करायची आणि तिथे आपले फाटक लावायचे, असे ठरवून ती दुसऱ्या खांबाकडे वळली, तोच त्या फटीतून एक तांबडी कोंबडी बाहेर पडली. तिच्यामागे दुसरी. दोघी रस्त्यावर गेल्या आणि ओढ्याच्या दिशेने धावू लागल्या.

सुलेखा त्यांच्यामागे पळाली. पहिली पटकन सापडली. दुसरी झुडपात शिरली, निसटली, पुन्हा शिरली. शेवटी ती हातात आली. सुलेखा तिला घेऊन परत आली, तेव्हा तिसरी फटीत मान घालून उभी होती.

तिने तिघींना आत लोटले. खोलीत कुणी नव्हते, तरी तिने मोठ्याने एक सणसणीत शिवी दिली. मग पडलेला खांब उचलला आणि होता तिथेच परत ठोकला.