पापांचं बाळंतपण

रविवारी दुपारी फीफी बैदूने सहाव्यांदा खिडकी उघडली आणि सहाव्यांदा बंद केली. पापांचं विमान सोमवारी संध्याकाळचं होतं. त्यांनी बॅग भरून दाराशी उभी केली होती आणि वर टोपी ठेवली होती, त्यामुळे घरात आणखी एक बुटका म्हातारा पाहुणा आल्यासारखं वाटत होतं.

इथल्या, अमेरिकेतल्या सिल्व्हर स्प्रिंगच्या डॉक्टरीणबाईंनी पापांच्या साखरेचा आकडा पाहून फुफू बंद केलं होतं. कसाव्याचा कंद आणि कच्ची केळी कांडून केलेला तो गोळा पापा सत्तर वर्षं रश्शाबरोबर गिळत आले होते.

"फुफू नाही तर मी घानाला, केप कोस्टला चाललो," पापा म्हणाले होते. तिकडे त्यांची बहीण उखळ घेऊन तयारच होती, दिवसाला दोन गोळे. "मग जेमतेम वर्षभर काढतील," डॉक्टरीणबाई फीफीला एकीकडे घेऊन म्हणाल्या होत्या.

म्हणजे जे काही करायचं ते आजच. फीफीची बायको मेक्लित इथिओपियाची. तिच्याकडे गेन्फो नावाचा प्रकार होता : टेफ या तिकडच्या बारीक धान्याच्या आणि जवाच्या पिठाचा घट्ट गोळा, मध्ये खळगा, खळग्यात लोणी. दिसायला फुफूचा सावळा चुलतभाऊ, पण साखर कमी चढवणारा. लोण्याच्या जागी आपला घानाचा पातळ रस्सा ओतायचा. कोंबडी, टोमॅटो, वांगं, मिरची, तेल नावापुरतं. पापा फसणार नाहीत, पण खातील. किंवा फेकून मारतील.

मेक्लित नर्स. ड्युटीला जाता जाता ती एवढंच म्हणाली होती, "पीठ तिसऱ्या मजल्यावर एतेते असेगेदेचकडे माग." एतेते म्हणजे थोरली बहीण, ही बाई अख्ख्या बिल्डिंगची थोरली बहीण होती.

"एतेते, गेन्फोपुरतं पीठ मिळेल का?"

एतेतेने दाराची चौकट धरली. "गेन्फो? तुझ्या घरी? आज?"

"आजच. उद्या उपयोग नाही."

"मेक्लित कुठाय?"

"हॉस्पिटलमध्ये."

एतेतेचे डोळे भरून आले. तिने पाच किलो पीठ दिलं, दोन्ही गालांचे मुके घेतले आणि दार लोटता लोटता म्हणाली, "आणि पोट दिसलंसुद्धा नाही पोरीचं! शहाणी ती. दृष्ट लागते."

कुणाचं पोट, याचा विचार फीफीने जिन्यात केला नाही, कारण तो जिने पळत चढत होता. घरी येऊन त्याने पाणी उकळलं, पीठ सोडलं आणि ढवळायला लागला. हात थांबला की गुठळ्या. हात थांबला नाही, तरी गुठळ्या.

बेल वाजली. दार उघडतंय तोवर चर्चमधून थेट आलेल्या, पांढऱ्या शाली पांघरलेल्या बारा बायका जिभा हलवत आनंदाच्या आरोळ्या देत आत शिरल्या. त्या बाराजणींच्या पुढे एतेते. आतल्या खोलीतून पापा बनियनवर बाहेर आले.

तेव्हा फीफीच्या डोक्यात उजेड पडला. मेक्लितने सहा वर्षांत गेन्फो एकदाच केलं होतं, बहिणीला मुलगा झाला तेव्हा. बाळंतिणीचं खाणं!

"एतेते, इथे कोणी बाळंत झालेलं नाही!"

"बरोबर, बरोबर," एतेते कुजबुजली. "मोठ्याने बोलू नकोस. मी पण कुणाला सांगितलेलं नाही."

मागच्या बाराजणींनी गंभीरपणे माना डोलावल्या.

एकीने त्याच्या हातून लाकडी दांडा हिसकावला. "हे काय ढवळणं? बस चालवतोयस का?" दोन मिनिटांत गुठळ्या गेल्या, गोळा झाला आणि फीफीने सकाळीच केलेला रस्सा खळग्यात ओतला. दुसरीने खळग्यात डोकावलं. "लोणी कुठाय? रस्सा? बाळंतिणीला रस्सा?"

"डॉक्टरांनी सांगितलंय."

"त्या डॉक्टरला बाळंतपणातलं काय कळतं!"

बाळंतिणीच्या घरचं गेन्फो तसंच ठेवत नाहीत. घरात जो वडीलधारा असेल, पहिला घास त्याचा. एतेतेने गोळ्याचा तुकडा तोडला, रश्शात बुडवला आणि थेट पापांच्या तोंडाशी नेला. पापांना हाताने भरवणारं शेवटचं माणूस जाऊन साठ वर्षं झाली होती. पण मोठ्या बाईने उजव्या हाताने दिलेलं नाकारायचं नसतं, हे घानाच्या फांटे जमातीतल्या माणसाला कुणी शिकवावं लागत नाही. पापांनी तोंड उघडलं. गट्टकन गिळलं.

"अहो, चावा की!" बाराजणी किंचाळल्या.

"चावावं लागतं ते फुफू नव्हे," पापा म्हणाले.

"म्हणजे हे फुफू आहे?" फीफीने विचारलं.

"अजिबात नाही," म्हणून पापांनी पुन्हा तोंड उघडलं.

दुसरा घास, तिसरा घास. चौथ्याला फीफीच्या खिशात फोन थरथरला. मेक्लित.

"फीफी, अकराजणींनी माझं अभिनंदन केलंय. काय झालंय मला?"

"घाबरू नकोस. मी सांगतो, आधी—"

"किती दिवस येता तुम्ही असं भरवायला?" पापा एतेतेला विचारत होते.

"बाप्तिस्म्यापर्यंत, अब्बाबा. मुलगा असला तर चाळीस दिवस. मुलगी असली तर ऐंशी."

पापांनी तोंडाला लागलेला रस्सा पुसला आणि हात पुढे करून फीफीकडून फोन घेतला.

"सूनबाई," ते म्हणाले, "तुला मुलगी झालीय."

मग फोन परत देत म्हणाले, "विमान पुढे ढकल."

फीफी पुन्हा खिडकीशी गेला. ऐंशी दिवसांत साखर किती उतरेल याचा त्याला अंदाज होता. मुलगी कुठून आणायची, याचा नव्हता.