ओठांवरचा पुकारा

ट्रंकवाला कोर्टाच्या व्हरांड्यात बाकावर बसून दाराकडे टक लावून पाहत होता. आज जज्जसाहेब त्याच्या लेकीला विचारणार होते, आईकडे राहायचं की बाबांकडे. लेक आणि तिची आई सकाळपासून आतच बसल्या होत्या.

आयुष्यभर पत्रा ठोकून त्याचे कान गेले होते, आणि कोर्टापासून त्याने ते लपवलं होतं. लपवणार नाही तर काय करेल बिचारा? पोर रडली तरी या माणसाला कळायचं नाही, असं बायकोच्या वकिलाने लिहूनच दिलं होतं. त्यावर मला खणखणीत ऐकू येतं, असं याने शपथेवर ठोकून दिलं. समोरच्याचे ओठ वाचण्यात तो इतका तयार झाला होता, की खुद्द त्याच्या वकिलालाही कधी शंका आली नाही.

पुकाऱ्याची तर त्याला काळजीच नव्हती. म्हातारा पट्टेवाला दारात यायचा, तोंड भरून नाव घ्यायचा आणि हा उठायचा.

आज पट्टेवाला काही दारात येईना. लोक मात्र उठून आत जात होते. वकिलांनी बोलावलं असेल, असं त्याला वाटलं. त्याचा वकील वरच्या मजल्यावर दुसऱ्या कामात अडकला होता. पुकारा झाला की आत जा, मी आलोच, असं बजावून गेला होता. म्हणून हा डोळ्यांत तेल घालून रिकामं दार राखत बसला.

वकील धापा टाकत आला तो भडकलेलाच. "होतास कुठे? तीनदा पुकारा झाला. तू गैरहजर म्हणून साहेबांनी तुझा दावा काढून टाकला."

ट्रंकवाल्याने वर पाहिलं. दारावर नवाकोरा भोंगा लावला होता. भोंग्याला ओठ नसतात.

वकील सांगत होता, अर्ज केला तर दावा पुन्हा उघडता येईल, पण साहेबांना पटेल असं कारण हवं. खरं कारण एकच होतं, आणि ते सांगणं म्हणजे पोर आपल्या हाताने देऊन टाकणं.

"पाणी प्यायला गेलो होतो," तो म्हणाला.

तेवढ्यात त्याची बाही ओढली गेली. त्याच्याशी बोलायच्या आधी लेक नेहमी अशीच बाही ओढायची आणि चेहरा समोर आणायची. तिच्या मागे आई उभी होती, आईचा वकीलही.

"पाणी प्यायला गेलात, बाबा?" तिचे ओठ थरथरत होते. "मी तुमचंच नाव सांगणार होते."

त्याच्या काळजाचं पाणी झालं. आता जाईल ते जाऊ दे, पण बाबांना मी नको होते, असं मनात धरून या पोरीने जन्म काढायला नको. तो तिच्यापुढे खाली बसला.

"मी इथेच होतो गं. मला ऐकू येत नाही."

आपण कानात सांगितल्यासारखं बोललो, असं त्याला वाटलं. पण व्हरांड्यातल्या सगळ्या माना वळल्या. आईच्या वकिलाची सगळ्यांत आधी.

घरी त्याचा आवाज चढला की लेक ओठांवर बोट ठेवायची. आताही तिने ते ठेवलं. आईने हात धरून तिला जिन्याकडे नेलं, तरी तिने ते काढलं नाही.