पाणमांजरीचं परतणं

तिला सगळे भिंगरी म्हणत. पोर एका जागी टिकत नाही म्हणून आईनं ठेवलेलं नाव. तीच भिंगरी पुढे वन्यजीवांचे माहितीपट करू लागली आणि झुडपाआड सात-सात तास मुकाट बसायला शिकली. घरी आली की मात्र पायाला पुन्हा चाकं.

या वेळी तीन वर्षं ती एका पाणमांजरीच्या मागावर होती. तिसऱ्या वर्षी पाणमांजरीला पिल्लू झालं. मग पूर आला आणि आई दिसेनाशी झाली. पिल्लू खडकावर बसून हाका मारत राही. सतराव्या दिवसापासून तेही दिसलं नाही.

वाहिनीच्या बाईंना हा शेवट पचेना. "लोक जेवताना बघतात हो! आई परत आणा," त्या फोनवर म्हणाल्या.

संकलक हाताचा तयार. त्यानं आदल्या वर्षीचा शॉट शोधला: पाणमांजर पाण्यातून वर येते, अंग झटकते. पिल्लाच्या हाकेपुढे तो असा चपखल बसला, की भिंगरीही क्षणभर फसली.

"घे, आली तुझी बाई बाजारहाट करून," तो म्हणाला.

"राहू दे तो शॉट," ती म्हणाली खरी, पण खुर्चीत तिला बसवेना.

संध्याकाळी तिनं वडिलांना फिल्म दाखवली. जन्मभर शिवणकाम केलेला माणूस. ती बाहेर असली की फोनवर पहिली चौकशी पिल्लाची. 'बरं आहे,' असं सांगून ती वेळ मारून नेई.

"आली, आली!" बाबा ओरडले. "मी म्हणत होतो ना तुला?" त्यांनी बाहीनं डोळे पुसले.

ती स्वयंपाकघरात गेली, परत आली, पुन्हा गेली.

"अगं बस की, फरशी झिजेल!"

"बाबा, ती आली नाही. तो शॉट जुना आहे."

बाबांनी पुन्हा पडद्याकडे पाहिलं. "आणि पिल्लू?"

"गेलं असणार."

"मेलेलं पाहिलंस?"

"नाही."

"मग गेलं म्हणू नकोस. सापडलं नाही म्हण."

सकाळी तिनं संकलकाला शॉट काढायला लावला. शेवटी रिकामा खडक ठेवला आणि निवेदनात एकच वाक्य: पिल्लू पुन्हा सापडलं नाही. वाहिनीच्या बाईंनी फिल्म भरदुपारी ढकलली आणि पुढची मालिका दुसऱ्या कुणाला दिली. संकलकानं कपाळाला हात लावला. "स्वतःच्या पायावर धोंडा, तोही इतका नेम धरून!"

भिंगरीला चार दिवस झोप लागली नाही. पाचव्या दिवशी कॅमेरा खांद्याला अडकवून ती पुन्हा नदीवर गेली. पूर्वीच्या जागेपासून बऱ्याच वर, एका सपाट दगडावर ताजी विष्ठा होती, माशांच्या खवल्यांनी चकाकणारी. पाणमांजराचीच, पण कुठल्या, हे कळायला मार्ग नव्हता.

तिनं कॅमेरा तिकाटण्यावर चढवला आणि झुडपाआड बसली.