इथपर्यंत भरलंय

मी एक जुना पडदा आहे. खिडकीचा नव्हे आणि नाटकाचाही नव्हे. माणसाच्या डाव्या फुप्फुसाभोवतीचा. मित्रांनो, तुमच्यातल्या एकालाही माझी ओळख नसेल हे मला माहीत आहे, आणि त्याचं मला नवलही वाटत नाही. ज्याच्या छातीत मी सगळा जन्म काढला त्या धन्यालाच मी ठाऊक नव्हतो, तिथे तुमची काय कथा!

हृदय मात्र तुम्हाला चांगलं ठाऊक असेल. माझ्या त्या शेजाऱ्याबद्दल मी फार बोलणार नाही. दिवसरात्र धडधड आणि तोरा असा की जगातलं सगळं प्रेम जणू तेच वाटतंय. अहो, स्नायूचा गोळा तो! त्याच्याभोवती एक पिशवी आहे, ती माझी चुलतबहीण. ह्या प्रेमवीराला जागच्या जागी सांभाळून धरणारी ती. पण तिच्यावर कुणी एक ओळ तरी लिहिली? नाव नको. आम्हा अस्तराच्या जातीला विचारतो कोण!

माझी घडण सांगतो, नीट ऐका. मी एकच, पण दुपदरी. आतला पदर फुप्फुसाला बिलगलेला, बाहेरचा बरगड्यांना आतून चिकटलेला. दोघांच्या मध्ये चमचाभर पाणी, बस्स. धनी श्वास घेतो, फुप्फुस फुगतं, आणि माझे दोन्ही पदर एकमेकांवरून अलगद सरकतात. ना आवाज, ना खरखर. आतला पदर जन्माचा मुका, त्याला टोचलं तरी तो हूं की चूं करत नाही. बाहेरचा मात्र भलता बोलका, जरा कुठे खुट्ट झालं की बोंब मारतो. माझं सगळं कौशल्य एवढंच की मी आहे हे कुणाला कळू नये. ते मी इतकं चोख केलं की खरंच कुणाला कळलं नाही.

आता माझ्या धन्याचं सांगतो. तो यंत्रांच्या तेलाच्या गोदामात कामाला. बाजारातून अर्धवट वापरलेली पिंपं परत यायची, आणि झाकण न उघडता कुठलं किती भरलंय ते हा सांगायचा. बोटाच्या पेरांनी पिंप वरून ठोकत खाली यायचं. रिकामं असेल तिथे आवाज कसा मोकळा, घुमणारा. तेल लागलं की तोच आवाज बसका, मुका. आवाज बदलला की तिथे बोट टेकवून हा गोदामाच्या टोकापर्यंत ऐकू जाईल असा ओरडायचा, "इथपर्यंत!" सगळे त्याला टकटकराव म्हणत. साहेब पाहुण्यांना मुद्दाम घेऊन येत आणि सांगत, "कान बघा ह्या माणसाचे!" कानांचं कौतुक झालं, बोटांचं झालं. पण ती आरोळी ठोकायला लागणारा दम कुठून येत होता, हे एकाही शहाण्याने विचारलं नाही.

मग एकदा संध्याकाळचा ताप सुरू झाला. कोरडा खोकला आणि अंगाला घाम. माझे पदर सुजले, लाल झाले, खरबरीत झाले. आता श्वास घेतला की पॉलिश पेपर घासावा तसे ते एकमेकांवर घासायचे. बोलक्या पदराने आकांत मांडला. प्रत्येक श्वासाला सुरी खुपसल्यासारखी कळ! धनी डावी कूस धरून वाकडा चालू लागला. मी ओरडून ओरडून सांगत होतो की बाबा रे, इकडे बघ, आग लागलीय. त्याने काय केलं? मेहुण्याला विचारलं.

हा मेहुणा म्हणजे बायकोचा धाकटा भाऊ. ह्याचं गाद्यांचं दुकान. गिऱ्हाइकांच्या पाठीची गाऱ्हाणी ऐकून ऐकून हा अर्ध्या हळकुंडाने पिवळा झालेला. त्याने धन्याच्या बरगडीत बोट खुपसलं आणि निदान केलं, "भावजी, वारा धरलाय. गादी मऊ आहे तुमची. माझ्याकडची कडक गादी घ्या आणि गरम पिशवीने शेका. पळून जाईल."

"डॉक्टरला दाखवा की एकदा," बायको म्हणाली.

"ताई, तुला काय कळतंय त्यातलं?" गादीवाला म्हणाला.

गादी आली. शेक सुरू झाला. आणि मित्रांनो, थोड्याच दिवसांत दुखणं खरंच थांबलं!

हसू नका. नाहीतर हसाच, कारण यापेक्षा हसण्यासारखं माझ्या जन्मात काही घडलं नाही. दुखणं का थांबलं ते सांगतो. माझ्या सुजलेल्या पदरांतून पाणी पाझरायला लागलं होतं. चमचाभराचं वाटीभर झालं, वाटीभराचं तांब्याभर. त्या पाण्याने माझे दोन्ही पदर एकमेकांपासून दूर लोटले. आता घासायचं कुणी आणि कशाला? बोंब मारणारा गप्प झाला. भांडणाऱ्या दोन घरांमध्ये पूर आला आणि भांडण थांबलं, तर त्याला कुणी समेट म्हणतं का? ह्या दोघांनी म्हटलं.

"बघा! गादीचा गुण!" मेहुणा मिशीवर हात फिरवत म्हणाला.

धन्याने त्याला मिठी मारली. ज्या मेहुण्याशी ह्याचं रोज सकाळसंध्याकाळ वाजायचं, त्याला मिठी! त्या मिठीत माझ्या आतलं पाणी डचमळलं, पण कान इतके तयार असलेल्या ह्या टकटकरावाला ते ऐकू आलं नाही. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

पाणी चढत गेलं. खालचं फुप्फुस चेपलं, मग मधलं. उरलेलं बिचारं वरच्या कोपऱ्यात अंग चोरून बसलं. पाण्याच्या रेट्याने हृदय उजवीकडे ढकललं गेलं, तशी माझी चुलतबहीण करवादली, "अरे, सरकतोस किती? आम्ही काय उजव्या बरगड्यांतून बाहेर पडायचं?"

"मी कुठे सरकतोय? पाणी सरकवतंय," मी म्हणालो.

"माझ्यात ह्याच्या निम्मंही इतक्या झपाट्याने साचलं असतं ना, तर हे प्रेमवीर कधीच बंद पडले असते," ती म्हणाली. ती खोटं बोलत नव्हती. हृदय पहिल्यांदाच तोरा विसरून मुकाट्याने धावत होतं.

आणि धनी? तो सोंगं करत होता. जिना चढताना मध्येच थांबायचा आणि शेजाऱ्यांच्या दारावरच्या पाट्या वाचायचा, जणू आयुष्यात पहिल्यांदाच दिसल्या. गोदामात आरोळी बंद झाली. आता नुसतं बोट दाखवायचा आणि म्हणायचा, "घसा बसलाय." झोपायचा फक्त डाव्या कुशीवर, कारण उजवीकडे वळला की पाण्याचा भार चांगल्या बाजूवर पडायचा. मेहुण्याने यावरही तोडगा काढला. म्हणाला, गादीची उजवी बाजू अजून बसलेली नाही!

मला त्या दोघांची किळस आली होती. पण खरं सांगू? त्याहून जास्त भीती वाटत होती. हे पाणी असंच राहिलं असतं तर माझे पदर जाड झाले असते, वाळल्या कातड्यासारखे आवळले असते, आणि आतलं फुप्फुस पुन्हा कधीच उघडलं नसतं. धनी जगला असता तरी अर्ध्या श्वासावर. कदाचित जगलाही नसता. आणि मी ओरडू शकत नव्हतो. ओरडायला माझे पदर एकमेकांना भेटायला तरी हवेत!

शेवटी त्याला वाचवलं कुणी, तर त्या गादीवाल्याच्या उद्धटपणाने. एका सुटीच्या दिवशी तो उशी विकायला आला होता. बोलता बोलता म्हणाला, "भावजी, खरं सांगू का, पिंपं ठोकायला अक्कल लागत नाही. शिकवलं तर माकडही ठोकेल."

धन्याने तोंड उघडलं. एरवी मेहुण्याच्या सात पिढ्या उद्धरल्या असत्या. पण "तू" एवढंच बाहेर पडलं आणि पुढचा श्वासच मिळेना. त्याने तोंड मिटलं आणि खुर्चीचा हात घट्ट धरला.

स्वयंपाकघरातून बायको तशीच ओल्या हातांनी बाहेर आली. "काय म्हणालास रे तू आत्ता?"

"अगं ताई, गंमत केली."

"परत म्हण."

"माकडही ठोकेल म्हटलं."

तिने नवऱ्याकडे पाहिलं. तो गप्प. ओठ निळसर, खांदे वरखाली. "ह्यांनी तुला उलट उत्तर दिलं नाही?" ती म्हणाली. "चपला घाला. चला, उठा. आणि तू ती उशी घेऊन चालता हो."

"वारा धरल्याने कधी कधी..." मेहुण्याने सुरुवात केली.

"चालता हो म्हटलं ना!"

दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी धन्याला स्टुलावर बसवलं, सदरा वर करायला सांगितलं आणि पाठीवर एक बोट टेकवून त्यावर दुसऱ्या बोटाने ठोकायला सुरुवात केली. वरून खाली. टक, टक. वर आवाज मोकळा. थोडं खाली, तरी मोकळाच. धन्याची मान ताठ झाली. आणखी एक बोट खाली, आणि आवाज बसला.

"इथपर्यंत," धनी म्हणाला.

"काय म्हणालात?" डॉक्टरीणबाई थबकल्या.

"भरलंय. इथपर्यंत." त्याला धाप लागली होती, पण तो बोलत राहिला. "रोज पिंपं ठोकतो बाई मी. हे... हे भरलेलं आहे." आणि तो बाप्या माणूस ढसाढसा रडायला लागला.

मला तेव्हाही त्याची दया आली नाही. बोलता आलं असतं तर म्हणालो असतो, वा रे टकटकराव, वरातीमागून घोडं! गावभरची पिंपं ठोकलीस आणि घरचं राहिलं.

छातीचा फोटो काढला गेला, मग सुई आली. जागा बधिर करून दोन बरगड्यांच्या मधून ती माझ्यात शिरली आणि पिवळसर पाणी बाटलीत उतरू लागलं. बाटली भरताना धनी एकटक बघत होता. पाणी तपासलं, तर क्षय निघाला. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "घाबरू नका. गोळ्या नीट घेतल्या तर पूर्ण बरं होतं. पण बरं वाटलं म्हणून मध्येच सोडायच्या नाहीत. दुखायचं थांबलं, तेव्हाच यायला हवं होतं तुम्ही."

"थांबल्यावर कोण येतं बाई?" धनी म्हणाला.

"तेच तर," त्या म्हणाल्या.

पाणी गेलं तसे माझे पदर कितीतरी काळाने एकमेकांना टेकले. खरबरीतच होते, घासले. बोलका पदर किंचाळला. "आई गं!" धनी कळवळला, आणि डॉक्टरीणबाई चक्क हसून म्हणाल्या, "दुखतंय? छान!"

आता मी म्हातारा झालो आहे. एका कोपऱ्यात माझे पदर कायमचे चिकटलेत, धनी खळखळून हसला की तिथे अजून ओढ बसते. मित्रांनो, तुम्हाला हात जोडून विनवावं एवढा माझा तुमच्यावर विश्वास नाही. गरज सरो वैद्य मरो, हीच तुमची रीत. तरी सांगतो. दुखायला लागलं की तुम्ही शंभर जणांना विचारता, का दुखतंय? आपोआप थांबलं, तर एकदा योग्य माणसाला विचारा, का थांबलं? तुमच्या छातीतही माझ्यासारखाच एक पडदा आहे आणि त्याला माझ्याइतकंही बोलता येणार नाही.

धन्याच्या गोळ्या संपून गेल्या, तरी त्याची भीती गेलेली नाही. स्वतःची पाठ स्वतःला ठोकता येत नाही. म्हणून न्हाऊन आला की तो बायकोसमोर पाठ करून बसतो. तिला त्याने आवाज शिकवलाय. ती वरून खाली ठोकत येते, टक, टक, आणि हा श्वास रोखून बसतो.

"काय गं?" तो विचारतो.

"पोकळ."

"शेवटपर्यंत?"

"शेवटपर्यंत. तुमच्या डोक्यासारखं."

तो खळखळून हसतो. त्या कोपऱ्यात कळ येते, आणि तो कूस धरून "आई गं" म्हणतो.

"दुखतंय ना?" ती त्याच्या पाठीवर ओला हात ठेवून विचारते. "बरं झालं."